घरबसल्या वीस राउटर: नवशिक्यांसाठी विसरवाडी पद्धत

सर्वप्रथम अभिनंदन. तुम्ही नेटवर्किंग शिकायचं ठरवलंत, याचा अर्थ डी.एड., पोलीस भरती आणि तलाठी भरती हे तिन्ही टप्पे तुमचे यथासांग पार पडलेले आहेत. आता हिंजवडीत गळ्यात पट्टा घालून फिरणाऱ्या गावातल्याच एका मुलाने तुम्हाला सांगितलंय, "सीसीएनए कर, घरीच लॅब लाव." 'लाव' म्हणाला तो, जणू मिरचीचं रोप लावायचंय. तुमची फसगत तिथूनच सुरू झाली. काळजी नसावी. ही मार्गदर्शिका ती पूर्णत्वाला नेईल.

आधी एक व्याख्या, मग पायऱ्या. राउटर म्हणजे शेवटी पत्र्याचा डबा आणि त्यात चालणारं सॉफ्टवेअर. डबा महाग, म्हणून तो वगळायचा आणि नुसतं सॉफ्टवेअर एका फाइलीत भरून लॅपटॉपवर चालवायचं. झाला व्हर्च्युअल राउटर. त्या फाइलीला इमेज म्हणतात. ही इमेज फोटोतली नव्हे. झेरॉक्सच्या दुकानात जाऊन "राउटरची इमेज आहे का?" असं विचारू नका. दुकानदार मख्खपणे विचारेल, "पासपोर्ट साइज की फोर बाय सिक्स?"

पायरी १. जागा निवडा

ती निवडून झालेली आहे, तुम्ही विसरवाडीत जन्मलात. नवापूर तालुक्यातलं हे गाव सुरत-धुळे महामार्गावर आहे. कागदावर तो आता त्रेपन्न नंबरचा, बोलण्यात अजून सहाच. गावातूनच खांडबाऱ्याकडून नंदुरबारला जाणारा रस्ता फुटतो. एक तोंड सुरतेकडे, दुसरं धुळ्याकडे, तिसरं नंदुरबारकडे. पुस्तकात तीन इंटरफेसचा राउटर म्हणतात तो हाच. "अख्खं गावच राउटर आहे तर घरात आणखी वीस कशाला?" असं वडील विचारतील. उत्तर देऊ नका. उत्तर नाहीच आहे.

पायरी २. लॅपटॉप आणा

सुरतेहून जुना आणा. विकणारा "कंपनीतून निघालेला आहे" म्हणेल. कंपनीतून का निघाला, हे विचारणं असभ्यपणाचं. रॅम आठ जीबी असेल. आता गणित करा, कारण पुढे करायला वेळ मिळणार नाही. सिस्को कंपनीच्या आयओएस-व्ही या साध्या राउटरला अर्धा जीबी रॅम लागते. वीस राउटर म्हणजे दहा जीबी. तुमच्याकडे आठ, त्यातली निम्मी विंडोजने पहिल्याच दिवशी बळकावलेली. सीएसआर नावाचा त्याचा थोरला भाऊ घेतलात तर प्रत्येकी चार जीबी, विसांचे ऐंशी. हे वाचून डोळ्यांत पाणी आलं असेल तर पुसा आणि पुढच्या पायरीवर या. आजवर कुणीही या गणितापाशी थांबलेलं नाही, तुम्हीच का थांबावं?

पायरी ३. पोटभाडेकरू ठेवा

लॅपटॉपवर विंडोज. विंडोजमध्ये व्हीएमवेअर. त्याच्या पोटात उबुंटू, उबुंटूवर ईव्ही-एनजी नावाची लॅब, लॅबमध्ये क्यूईएमयू आणि क्यूईएमयूच्या पोटात राउटर. घरमालकाने खोली भाड्याने दिली, भाडेकरूने पोटभाडेकरू ठेवला, त्याने आपला मेव्हणा आणून बसवला आणि मेव्हण्याने कोपऱ्यात चहाची गाडी लावली, असा हा संसार आहे. वीजबिल मात्र घरमालकाच्या नावावर.

या संसाराला परवानगी लागते आणि ती बायोसमध्ये असते. लॅपटॉप सुरू होताना एफ-टू दाबा. चुकलं तर बंद करून पुन्हा सुरू करा आणि एफ-टेन दाबा. मग डिलीट. मग सगळीच बटणं. आत गेल्यावर 'व्हीटी-एक्स' शोधा आणि चालू करा. कंपनीतून निघालेल्या लॅपटॉपच्या बायोसला पासवर्ड असतो, तो कंपनीतच राहिलेला असतो. असं झाल्यास पायरी २ पुन्हा वाचा.

पायरी ४. इमेज मिळवा

इथे थोडं निवांत बसा. खरा अभ्यासक्रम हाच आहे. प्रोटोकॉल, सबनेट वगैरे गोष्टी लोकांनी परीक्षेसाठी मागाहून चिकटवल्या.

सिस्कोची इमेज रीतसर मिळते. सिस्को मॉडेलिंग लॅब्ज नावाचं त्यांचं स्वतःचं उत्पादन आहे. त्याची वैयक्तिक आवृत्ती वर्षाला १९९ डॉलरची, मर्यादा बरोबर वीस नोड. म्हणजे तुम्हाला हवे तेवढेच राउटर. रुपयांत सोळा हजारांच्या वर, आणि पुढच्या वर्षी पुन्हा तेवढेच. हा आकडा घरात मोठ्याने उच्चारू नका.

म्हणून तुम्ही दुसऱ्या दाराने जाणार. टेलिग्रामवरचा एक ग्रुप तुम्हाला आत घेईल. तिथे सदस्य हजारो आणि प्रत्येकाचं वाक्य एकच, "प्लीज सेंड इमेज सर". 'सर' कोण, हे कुणालाच ठाऊक नाही. तुम्हीही तेच वाक्य टाका. तीन दिवसांनी लिंक येईल. फाइल दीड जीबीची असेल आणि तिला पासवर्ड असेल. पासवर्ड एका व्हिडिओच्या शेवटी असेल. व्हिडिओ पंचेचाळीस मिनिटांचा असेल आणि त्यातली पहिली वीस मिनिटं त्या माणसाच्या कोर्सची फी समजावण्यात जातील.

डाउनलोडसाठी गच्चीवर पाण्याच्या टाकीजवळ जा. रात्री दोननंतर नेट बरं चालतं, कारण तेव्हा रील बघणारे झोपलेले असतात. फोनचा हॉटस्पॉट टाकीच्या झाकणावर ठेवा. फाइल ९७ टक्क्यांवर थांबेल. ती नेहमी ९७ वरच थांबते, घाबरू नका. चौथ्या रात्री उतरेल.

उतरली की ती खरी आहे का ते तपासा. यात नंदुरबार जिल्ह्याला कुणी शिकवायची गरज नाही. देशातलं पहिलं आधार कार्ड आपल्याच जिल्ह्यात, शहादा तालुक्यातल्या टेंभलीत, २९ सप्टेंबर २०१० रोजी दिलं गेलं. ठशावरून माणूस ओळखणं आपल्याकडे जुनं झालं. फाइलीलाही असाच ठसा असतो, एमडी-५ नावाचा, ३२ अक्षरांचा. मूळ कंपनीने दिलेला ठसा आणि तुमच्या फाइलीचा ठसा जुळला तर फाइल अस्सल. तुम्ही तो काढाल आणि जुळणार नाही. मग तुम्ही म्हणाल, "चालतं." आणि त्या इमेजसोबत आलेला एक अनोळखी पाहुणाही म्हणेल, चालतं.

पायरी ५. फुकट आणि कायदेशीर मार्गापासून सावध राहा

हा मोह मोठा आहे, म्हणून वेळीच इशारा देतो. काही कंपन्या आपल्या राउटरच्या इमेज उघडपणे देतात. त्यांच्याकडे फिरकूही नका.

लाटव्हिया देशातली मायक्रोटिक ही कंपनी आपला सीएचआर राउटर फुकट देते. फाइल शंभर एमबीच्याही आत, म्हणजे एका संध्याकाळचं काम. अट एवढीच की फुकट परवान्यावर प्रत्येक इंटरफेसमधून एक एमबीपीएसपेक्षा जास्त वेगाने डेटा बाहेर जात नाही. रिगामध्ये बसून ज्याने ही अट घातली, त्याच्या मते ही जाचक मर्यादा असावी. पाण्याच्या टाकीजवळ बसलेल्या माणसाला हिची जाणीवही होणार नाही.

एफआरआर हे तर मुक्त सॉफ्टवेअर. साध्या लिनक्सवर टाका की ओएसपीएफ आणि बीजीपी हे मार्ग शोधायचे दोन्ही प्रोटोकॉल बोलू लागतं. नोकियाचा एसआर लिनक्सही कुणाला न विचारता घेता येतो. आणि ज्या सिस्कोपायी तुम्ही चार रात्री गच्चीवर काढल्या, तिच्याच मॉडेलिंग लॅब्जची एक फुकट आवृत्ती आहे. खातं उघडायचं, उतरवून घ्यायची, एका वेळी पाच नोड चालवायचे. सीसीएनएच्या निम्म्याहून अधिक अभ्यासाला पाच पुरतात.

पण पाच राउटरवाल्याला गावात कोण विचारतं? शिवाय फुकट इमेजमध्ये शौर्य नाही. मित्राला "सरांकडून मिळवली" असं सांगण्यात जी झळाळी आहे, ती "कंपनीच्या साइटवरून घेतली" यात कुठून येणार? तेव्हा तो मार्ग बघून ठेवा आणि मान वळवा.

पायरी ६. बारसं करा

इमेज ईव्ही-एनजीमध्ये नुसती टाकून चालत नाही, तिचं बारसं करावं लागतं. फोल्डरचं नाव ठरावीक शब्दाने सुरू झालं पाहिजे. आयओएस-व्हीसाठी 'व्हीआयओएस', मग हायफन, हायफननंतर काहीही. हायफनच्या आधीचं एक अक्षर जरी चुकलं तरी लॅब त्या बाळाला ओळखत नाही. आतल्या फाइलीचं नाव कुठे 'व्हर्टआयओए', कुठे 'एचडीए'. कुणाला कुठलं, ते लॅबच्या तक्त्यात दिलेलं आहे. तो तक्ता तुम्ही सर्वांत शेवटी वाचणार आहात.

विंडोज फाइलीच्या नावाची शेपटी लपवून ठेवतं, त्यामुळे तुम्ही दिलेली शेपटी आणि तिची मूळची, अशा दोन शेपट्या होतात. यात एक रविवार जातो. बारसं झालं की 'फिक्स परमिशन्स' ही आज्ञा द्यायची. हा कुंकवाचा टिळा. लावला नाही तर पुढचं काहीच होत नाही, आणि का होत नाही हे कुणी सांगतही नाही. अनुभवी माणसं दर पाच मिनिटांनी, गरज नसताना, नुसत्या भीतीपोटी ही आज्ञा देत असतात. तुम्हीही द्याल.

पायरी ७. राउटर सुरू करा

आता लॅपटॉपच्या अंगात येईल. मी अलंकारिक बोलत नाही. एमुलेशन म्हणजे एका चिपच्या देहात दुसऱ्या चिपने संचार करणं. फ्रान्समधल्या क्रिस्तोफ फिलो यांनी २००५ साली डायनामिप्स लिहायला घेतलं, ते हेच करत असे. सिस्कोचा ७२०० हा राउटर ज्या चिपवर चालतो, ती चिप जणू तुमच्या साध्या कॉम्प्युटरमध्ये आहे असं भासवायचं. त्यावर पुढे जीएनएस-३ हे लॅबचं सॉफ्टवेअर उभं राहिलं. २०१३ मध्ये जीएनएस-३ वाल्यांनी नव्या आवृत्तीसाठी लोकांकडे ३५ हजार डॉलरची वर्गणी मागितली आणि पाच लाखांहून जास्त जमा झाले. आपल्याकडच्या कुठल्याही मंडळाला हेवा वाटावा असा हा हिशेब. गणपती न बसवता.

संचाराची एक अडचण असते. राउटर रिकामा बसलाय हे लॅपटॉपला कळत नाही. त्यामुळे काही काम नसतानाही प्रोसेसर शंभर टक्के घुमत राहतो. पंखा घोंघावतो, किबोर्डवर पोळी भाजता येईल इतकं तापतं. आई देवघरातून हाक मारते, "काय करी ऱ्हायना रे?" यावर उपाय म्हणजे 'आयडल-पीसी' नावाचा एक आकडा. राउटरच्या प्रोग्राममध्ये तो नेमका कुठल्या ठिकाणी रिकामा बसतो, त्या जागेचा हा पत्ता. तो सापडला की तिथे आल्याबरोबर लॅपटॉप त्याला म्हणतो, "बैस जरा." घुमणं थांबतं. आकडा प्रत्येक इमेजचा वेगळा. जीएनएस-३ तो शोधून देतं आणि संभाव्य आकड्यांपुढे तारा काढून दाखवतं. तारा लावलेला निवडा. तो चालला नाही तर बिनताऱ्याचा.

क्यूईएमयूवाल्या नव्या इमेजना हा आकडा लागत नाही. त्या रॅम खातात. प्रगती म्हणतात ती हीच.

पायरी ८. राउटरशी बोला

काळ्या पडद्यावर अक्षरं धावतील, मग राउटर इंग्रजीत विचारेल की सुरुवातीची मांडणी प्रश्नोत्तरांनी करायची का? 'नो' म्हणा. का, ते विचारू नका. 'येस' म्हटलेल्या माणसांची पुढे काय हकिगत झाली, हे कुणी लिहून ठेवलेलं नाही.

इंटरफेसला पत्ता द्या. काही होणार नाही. राउटरची सगळी दारं जन्मतः बंद असतात आणि ती उघडायची आज्ञा 'उघड' अशी नसून 'नो शटडाउन' अशी आहे. बंद नको. सरकारी पत्रव्यवहाराची सवय असलेल्यांना हे पटकन जमतं. 'हरकत नाही' असा दाखला मिळाल्याखेरीज आपल्याकडेही कुठलं काम सुरू होत नाही.

एखाद्या वेळी तुम्ही 'शो' च्या ऐवजी 'सो' टाइप कराल. सिस्कोचा राउटर चूक मान्य करत नाही, तुमची सुद्धा नाही. त्याला वाटतं, 'सो' हे कुठल्यातरी मशीनचं नाव असावं. मग तो २५५.२५५.२५५.२५५ या पत्त्यावर, म्हणजे आळीतल्या झाडून सगळ्यांना, ओरडून विचारतो, "अरे, सो कोण? सो कुठे राहतो?" वीस राउटरांच्या त्या ओसाड गावात उत्तर देणारं कुणी नसतं. तोवर तुम्ही पडदा बघत बसायचं. चहा प्यायला एवढा वेळ पुरत नाही, आणि चिडायला मात्र पुरतो. हे टाळायला 'नो आयपी डोमेन लुकअप' ही एक ओळ आहे. पहिल्याच दिवशी लिहायची असते. ती इथे, आठव्या पायरीवर सांगितली, याबद्दल क्षमस्व.

पायरी ९. आकृती सजवा

वीस राउटर पडद्यावर मांडा. चालतील चारच, बाकीचे शोभेला. त्यांच्यामध्ये रेघा ओढा. आता दोन वेगळी नेटवर्कं दाखवा. एक महाराष्ट्र, एक गुजरात, मध्ये बीजीपी. कल्पना सुचत नसेल तर नवापूर स्टेशनवर जाऊन या. फलाटाचा काही भाग महाराष्ट्रात आणि उरलेला गुजरातेत. तिकीट खिडकी इकडे, स्टेशनमास्तर तिकडे, आणि घोषणा चार भाषांत. दोन स्वायत्त कारभारांच्या सीमेवर व्यवहार कसा चालतो, हे समजावणारं यापेक्षा चांगलं चित्र कुठल्याही जाड पुस्तकात नाही. एकाच बाकावर दोन राज्यं बसतात आणि गाडी वेळेवर येते. निदान सीमेमुळे तरी ती अडत नाही.

आकृतीचा स्क्रीनशॉट काढून स्टेटसला ठेवा. गावातल्या बँकेचा शिपाई तो बघेल आणि म्हणेल, "आमच्याकडे तीन दिवसांपासून लिंक नाही, बघता का जरा?" नम्रपणे नकार द्या. ते खरं नेटवर्क आहे, त्यात आपला अभ्यास नाही.

मुलाखतीला हाच स्क्रीनशॉट घेऊन जा. समोरचा माणूस तो बाजूला सारून विचारेल, "/२६ च्या मास्कमध्ये किती मशीन बसतात?" उत्तर बासष्ट. ते कागदावर मांडायला इमेज लागत नाही, रॅम लागत नाही, आणि म्हणूनच ते तुम्ही शिकलेला नाहीत. सीसीएनएच्या परीक्षेची फी ३०० डॉलर, कर वेगळा. तिथेही हेच विचारतात.

पायरी १०. सेव्ह करा

ही पायरी आठवीच्या लगेच नंतर यायला हवी होती. छापताना राहून गेलं. राउटरमध्ये जे लिहिता ते फक्त चालू स्मृतीत असतं. 'राइट मेमरी' म्हटल्याशिवाय ते पक्कं होत नाही. लॅपटॉपची बॅटरी सुरतेच्या दुकानदाराने "बॅकअप देते" असं सांगून दिलेली, ती चार मिनिटं देते. आणि तुम्ही हे वाक्य वाचत असतानाच डीपी उडालेली आहे.

वायरमनला फोन लावू नका, त्याचा आधीच बंद असेल. चप्पल घाला आणि महामार्गावरच्या टपरीवर या. मीही तिथेच असतो. परवा अशीच वीज गेली होती आणि पावसात कोंडाईबारी घाटात गाड्या अडकल्या होत्या. सुरतेकडून आलेला एक ट्रकवाला खिडकीतून ओरडला, "धुळ्याला रस्ता चालू आहे का?" टपरीवाल्याने गाळणी हातातून न ठेवता सांगितलं, "घाट बंद. इथून डावीकडे, नंदुरबार, दोंडाईचा, मग धुळे. लांब पडेल, पण पोचशील." बस, एवढंच.

माझ्या शेजारी बसलेल्या भाच्याने घड्याळ पाहिलं. शेजारचा राउटर मेला हे पक्कं करायलाच ओएसपीएफ चाळीस सेकंद घेतं. दर दहा सेकंदांनी हाक मारायची, चार हाकांना ओ आली नाही की मेला समजायचं, आणि त्यानंतर नवा रस्ता शोधायचा. टपरीवाल्याच्या हातून तोवर दोन कटिंग भरून झाले होते. भाच्याने त्याला विचारलं, "काका, तुम्हाला कसं कळलं घाट बंद आहे?" काका म्हणाले, "तिकडून येणारा एकही ड्रायव्हर तासाभरात चहाला थांबला नाही."

भाचा हे वहीत लिहून घेणार, तेवढ्यात गावात दिवे आले आणि तो पळाला. मागोमाग मीही गेलो. विसरवाडी या नावात विसर आधीच आहे, राउटरला वेगळं शिकवावं लागत नाही. लॅब पुन्हा उघडली, पंखा घोंघावला, अक्षरं धावली आणि राउटरने कोऱ्या चेहऱ्याने विचारलं की सुरुवातीची मांडणी प्रश्नोत्तरांनी करायची का?

भाच्याने माझ्याकडे पाहिलं. मी म्हटलं, "नो."